उजव्या खांद्याचा पुरावा

तीर्थरूप अनुपमाताईस,

खालच्या आळीतून सुनीलचा दंडवत. (वरच्या आळीतून सध्या तुला कोणी दंडवत घालेल असं दिसत नाही, कारण पुढे येईलच.) तुझी मान आता कशी आहे? जुनी चित्रं तासन्‌तास वाकून भिंगातून बघितल्यामुळे ती धरते असं डॉक्टर म्हणाले होते, तर निदान टेबल तरी उंच करून घे. इकडे आईचे गुडघे होते तिथेच आहेत, म्हैस गाभण आहे, गिरणी चालू आहे, वाल बरे झालेत आणि माधुरी माहेरी आहे.

शेवटची गोष्ट मी ओघात लिहिली म्हणून तू ओघात वाचू नकोस. तिचं माहेर कुठे आहे ते तुला ठाऊक आहे. वहाळ ओलांडला की वरची आळी. आमच्या अंगणातून तिच्या बापाच्या घराचा दिवा दिसतो आणि वारा तिकडून असला तर सासऱ्यांचा खोकलाही ऐकू येतो. इतकं जवळ असल्यामुळे लग्न झाल्यापासून ती तिथे कधी रात्रीची राहिलीच नव्हती. आता गेली आहे ती गेलीच आहे, आणि जाताना दोन साड्या आणि तुझं पुस्तक घेऊन गेली आहे. हे सगळं फोनवर सांगता आलं असतं, पण फोनवर तू मला मधेच अडवतेस आणि मुद्द्यावर ये म्हणतेस. कागद असं काही म्हणत नाही.

दिवाळीनंतर तू तुझी दोन पुस्तकं पाठवलीस, ती दोन्ही पोचली आणि मी दोन्ही वाचली. (चित्रं तर सगळीच पाहिली.) आधुनिक चित्रकारांवरचं जाड पुस्तक मी गिरणीत ठेवलं आहे. भात भरडून होईपर्यंत लोक बसल्या बसल्या चाळतात. कुडपणहून एक गृहस्थ नाचणी दळायला येतात. त्यांनी ते अख्खं निळं पान बघितलं आणि मला बाजूला घेऊन हळूच सांगितलं की तुमच्या बहिणीला छापखान्याने फसवलं आहे, इथे चित्र छापायचं राहून गेलंय. ते चित्रच तसं आहे असं मी सांगितलं. त्यांनी मान डोलावली, पण पीठ घेऊन निघताना तरी एकदा विचारून बघा म्हणाले. तर विचारतो. नाते गावच्या एका मास्तरांनी मात्र त्यातलं एक रेघोट्यांचं चित्र फारच वाखाणलं आणि आमच्या जमिनीचा गट नकाशा यापेक्षा गोंधळाचा आहे असा अभिप्राय दिला. त्या पुस्तकाने कोणाचं काही बिघडवलं नाही. बिघडवलं ते दुसऱ्याने.

'उलटा ठसा' हे नाव ठेवतानाच तू जरा विचार करायला हवा होतास. छापचित्रांतून लोकांची टर कशी उडवली जाते यावर तू एवढं मोठं पुस्तक लिहिलंस, त्याबद्दल आम्हाला अभिमानच आहे. पण त्यात आपल्या गावच्या हैबतीवर पूर्ण एक प्रकरण घालायची काय गरज होती? इथे हैबतीची आठवण म्हणजे एवढीच, की देवळाच्या नव्या चुन्यावर त्याने कोळशाने शेळ्या काढल्या होत्या, मार खाल्ला होता आणि मुंबईला पळाला होता. तिकडे तो छापखान्यात लागला, लाकडाच्या फळ्या कोरून ठसे काढायला शिकला, मोठा कलावंत झाला आणि मेला, हे सगळं आम्हाला तुझ्याकडून कळलं. आणि त्याने शेळ्या सोडून नंतर माणसं काढली हेही तुझ्याकडूनच कळलं.

ते 'मान' नावाचं चित्र तुझ्या डोळ्यांसमोर असेलच, तरी लिहितो, कारण माझ्या डोळ्यांसमोरून ते हलत नाही. शिमग्याची पालखी. पालखी पाठमोरी चालली आहे, पण दांडा धरलेले पुढचे दोघे मानकरी एकमेकांकडे तोंड वळवून भांडताहेत, त्यामुळे दोघांचीही तोंडं ओळखू येतात. उजवीकडे कोयत्याएवढ्या मिशांचा माणूस, तो माझ्या सासऱ्यांचा बाप, रामजी. डावीकडे घागरीएवढ्या पोटाचा आणि धोतर सुटत आलेला माणूस, ते आपले आजोबा, महिपत. (आईने बघितलं आणि म्हणाली, मामंजींचं पोट तेवढं बरोबर काढलंय.) दोघांच्या ओढाताणीत पालखी तिरकी झाली आहे. आत देवी दिसत नाही. ठशात इतकं बारीक कोरता येत नसावं. समोर आरती घेतलेला गुरव, बाजूला ढोलवाला, आणि अगदी कोपऱ्यात पोलादपूरची पाटी लावलेल्या एस्टीत एक बाई चढते आहे, पदर खोचलेला, बोचकं हातात. खाली तू लिहिलं आहेस की गावच्या मानपानाचा इतका बोचरा उपहास क्वचितच कोणी केला असेल. हे वाक्य गावात सगळ्यांना आवडलं. आपलं गाव कशात तरी क्वचित आहे, एवढंच लोकांनी घेतलं.

आता तुला पुण्यात बसून आठवत नसेल, म्हणून सांगतो. गेली कित्येक वर्षं पालखीला मानकरी सोड, खांदेच मिळत नव्हते. पोरं मुंबईला, म्हातारे गुडघ्यांनी गेलेले. मागच्या शिमग्याला तर मी उजवा खांदा देवळापासून वहाळापर्यंत आणि डावा खांदा वहाळापासून घरापर्यंत दिला आणि कोणी हूं की चूं केलं नाही. सासऱ्यांनी स्वतः मला पाणी आणून दिलं होतं. आणि तुझं पुस्तक आल्यावर आठवड्याच्या आत गावातल्या प्रत्येक पुरुषाला उजवा खांदा फुटला. वरची आळी म्हणू लागली, बघा, पुस्तकात छापून आलंय, पुढचा उजवा दांडा आमचा. आता पुढचा उजवा दांडा पिढ्यान्‌पिढ्या खालच्या आळीचा आहे हे मला बाबांनी सांगितलेलं आहे. मला स्वतःला या असल्या मानाचं काही पडलेलं नाही, पण बाबांनी सांगितलेलं आहे.

मग देवळात गावकी बसली. तुझं पुस्तक पाटावर लाल फडक्यावर ठेवलं, त्याला हळदकुंकू लागलं, पुढे नारळ ठेवला. (त्यामुळे त्या पानावर आता रामजीच्या मिशांना कुंकू आहे. तुझ्याकडे दुसरी प्रत असेलच.) सासरे काशीराम उठले आणि एवढंच बोलले, "बापाला फोटोत उजवीकडं बघितला. आता मला कुनाचं ऐकायचं नाय." फोटो नव्हे, ठसा आहे, असं मी म्हटलं, पण ते त्यांना पटलं नाही. चित्र हातोहात फिरत होतं. कोणी तरी विचारलं, कोपऱ्यातली ही बोचकंवाली बाई कोण? वातावरण फार तापलं होतं म्हणून ते जरा निवावं या शुद्ध हेतूने मी म्हटलं की आमच्या सासूबाई असतील, रुसून निघाल्या असतील. लोक हसले. (सासूबाई जनाबाई बायकांत बसलेल्या होत्या, पण त्यांनी मनावर घेतलं नाही, घेतलं असतं तर बोलल्या असत्या.) शेवटी कौल लावायचं ठरलं. गुरवाने देवीच्या दोन्ही बाजूंना कळ्या लावल्या. उजवी पडली तर रामजी उजवीकडे होता, डावी पडली तर नव्हता. आम्ही बसलो, बसलो, पाय बधिर झाले. दोन्ही कळ्या जागच्या हलल्या नाहीत. गुरव म्हणाला, असं आजवर कधी झालेलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी माधुरी चूल आवरून निघाली. मी म्हटलं, काय झालं? तर म्हणाली, तुमचा खांदा तुम्हाला लखलाभ. आता यावरून काय समजायचं? साहजिकच बापाची बाजू घेतली असं मी समजलो. बाईमाणूस शेवटी माहेरच्या दांड्याकडेच ओढणार. मीही म्हटलं, जा. (मोठ्याने नाही म्हटलं.) त्याच दिवसापासून सासऱ्यांनी भात माझ्या गिरणीत आणायचं बंद केलं. पोती टेम्पोत घालून पोलादपूरला नेतात, आणि टेम्पो मुद्दाम माझ्या दारावरून नेतात. वाट दुसरीही आहे.

त्यात मुंबईकर मंडळ उतरलं. त्यांचा सेक्रेटरी हृतिक, माधुरीचा चुलतभाऊ, घाटकोपरला असतो. मागे गावी आला होता तेव्हा त्याने चित्राच्या पानाचा आणि त्याच्या आधीच्या पानाचा फोटो काढून नेला होता, तो त्याने मंडळाच्या ग्रुपवर टाकला. आणि परवा फाट्यावर मोठा फ्लेक्स लागला. आपल्या आजोबांची आणि रामजीची ती भांडणं, दहा फुटी, वर अक्षरं 'मानाची परंपरा, पिढ्यान्‌पिढ्यांचा वारसा', आणि बाजूला मंडळाच्या पदाधिकाऱ्यांचे गॉगल घातलेले फोटो. फोटोंना जागा व्हावी म्हणून कोपऱ्यातली एस्टी आणि ती बाई कापून टाकली आहे. हैबतीने ज्यांची टर उडवली त्यांच्या नातवंडांनी स्वतःचे फोटो त्यात हौसेने लावून घेतले, हे तुझ्या पुस्तकाच्या पुढच्या भागात घालण्यासारखं आहे. मी हृतिकला फोन करून हे विचारलं तर तो म्हणाला, "दाजी, तुम्ही टेन्शन नका घेऊ, पूरा मॅटर व्हायरल झालाय." आजोबांचं धोतर सुटलेलं आहे आणि येणारीजाणारी प्रत्येक एस्टी तिथे थांबते, हे त्याच्या लक्षात आलेलं नाही.

पण त्याच हृतिकच्या फोटोने माझे डोळे उघडले. पुस्तक माधुरीकडे, संध्याकाळी करायला काही नाही, म्हणून मी ते आधीचं पान फोनवर मोठं करकरून वाचलं. (तुझी वाक्यं लांब असतात, फोनवर मावत नाहीत.) तिथे तू लिहिलं आहेस की लाकडाच्या फळीवर जसं कोरावं त्याच्या उलट कागदावर उमटतं; ग्रामपंचायतीच्या शिक्क्यावर अक्षरं उलटी असतात तसं. म्हणजे कागदावर जो उजवीकडे दिसतो तो फळीवर डावीकडे होता. म्हणजे आपले आजोबा उजवीकडे. मला रात्रभर झोप आली नाही. खोटं कशाला सांगू, आनंदाने आली नाही, आणि तो सांगायला घरात कोणी नव्हतं याचंही वाईट वाटलं. आईला उठवून सांगितलं. ती म्हणाली, बरं, आणि कुशीवर वळली.

पुन्हा गावकी बसवली. मी ग्रामपंचायतीचा शिक्का मागून आणला होता, तो कागदावर मारून दाखवला. वरच्या आळीची तोंडं उतरली. पण सासरे शांतपणे उठले, फोन हातात घेतला आणि म्हणाले, "मंग एस्टीवर पोलादपूर सुलटं कसं?" खरोखरच सुलटं होतं. हैबतीला उलट उमटतं हे माहीत होतं, म्हणून त्याने अक्षरं उलटी कोरली. अक्षरं उलटी कोरणारा माणूस माणसं सुलटी कशाला कोरेल, असा त्यांचा मुद्दा. मी म्हटलं, ठीक, मग गुरवाच्या कुठल्या हातात आरती आहे बघा. डाव्या. ढोलवाला कुठल्या हाताने टिपरू मारतोय बघा. डाव्याच. याचा अर्थ चित्र उलटं आहे. यावर ढोलवाल्याच्या पुतण्याने (वरची आळी) आमचे काका डावखुरेच होते असं सांगून टाकलं. राहिला गुरव. तोही वरच्या आळीचा. त्याची फार पंचाईत झाली. चित्रातला गुरव म्हणजे त्याचे आजोबा. एक तर त्यांनी देवीला डाव्या हाताने ओवाळलं म्हणायचं, नाही तर आळीचा दांडा सोडायचा. घाम पुसला, देवीकडे बघितलं, आणि शेवटी म्हणाला की आजोबाही डावखुरेच होते, घरात कोणी बोलत नसे. त्या संध्याकाळी वरच्या आळीत इतके डावखुरे पूर्वज निघाले की माझ्याजवळ पुढचा प्रश्न उरला नाही.

तर अशी परिस्थिती आहे. शिमगा तोंडावर आला आहे. होळीसाठी सावरीचं झाड तोडायला कोण जाणार तेही ठरलेलं नाही. वरची आळी म्हणते उजवा दांडा मिळाला नाही तर पालखी उठू देणार नाही, खालची आळी म्हणते दिला तर उठू देणार नाही, आणि दोन्ही आळ्या माझ्याकडे बघतात, कारण पुस्तकवाली माझी बहीण. तू इतक्या चित्रकारांचा अभ्यास केलास, त्यांच्या मनात काय होतं ते पानंच्या पानं लिहिलंस, तर या एका हैबतीच्या मनात कोण उजवीकडे होतं एवढं तुला ठाऊक असायला हरकत नाही. गावकीच्या नावे एक पत्र लिही. तुझ्या कॉलेजच्या कागदावर लिहिलंस तर बरं. आपल्या आजोबांच्या बाजूने लिही असं मी म्हणणार नाही. ते तुझेही आजोबा होते एवढंच लक्षात ठेव.

भाऊजींना नमस्कार. मानेला जप.

तुझा,
सुनील

ता. क. पुढच्या आवृत्तीत ते एक चित्र आरशासारखं उलटून छापता येईल का? नुसतं निळं पान जे छापतात त्यांना हे जड जाऊ नये. एस्टीची पाटी तेवढी सुलट राहू दे.

आणखी एक ता. क. वरचं काही केलं नाहीस तरी चालेल. माधुरीला फोन कर. मी सांगितलं असं सांगू नकोस. सुनीलने उजवा खांदा वरच्या आळीला सोडला असं तिला सांग. (गावकीत सांगू नकोस.) ताई, मला करमत नाही. सवयीने चहा दोघांचा टाकला जातो आणि दोन्ही कप मीच पितो, त्याने पित्त झालं आहे. संध्याकाळी अंगणात बसून पलीकडचा दिवा बघत राहतो आणि आई विचारते, काय बघतोस, तर म्हैस म्हणतो. म्हैस मागच्या बाजूला बांधलेली आहे.

अनुपमाताई, नमस्कार. मी माधुरी. आमचे हे पाकीट आणायला महाडला गेले आहेत. (पाकीट पोलादपूरलाही मिळतं, पण तिथे बाबा भेटतील.) पत्र गिरणीत टेबलावर उघडंच होतं, त्यावर वजन ठेवलेलं होतं. मी वजन उचललं.

मी दांड्यावरून गेले नव्हते. भर गावकीत यांनी आईचं हसं केलं म्हणून गेले. हे यांना इतक्या दिवसांत सुचलं नाही, आणि मी सांगितलं नाही. तिकडे एक बरं झालं, पुस्तक वाचायला वेळ मिळाला. चित्राच्या पुढच्याच पानावर तुम्ही स्पष्ट लिहिलं आहे की पालखी रिकामी आहे आणि कोपऱ्यातली ती बाई म्हणजे आपली देवी सोमजाई, दोघांच्या भांडणाला कंटाळून उतरून निघालेली. त्या पानाचा फोटो हृतिकने काढलेला नाही, म्हणून गावात ते कोणी वाचलेलं नाही. कौल लागला नाही याचं गुरवांना आश्चर्य वाटलं, मला नाही वाटलं.

आईला हे सांगितलं. तेव्हापासून ती पाण्यावर येणाऱ्या प्रत्येक बाईला सांगते आहे की जावयाने मला सगळ्या गावासमोर देवी म्हटलं. तेव्हा तिच्याकडून आता काही तक्रार नाही.

बाबांनाही ते पान वाचून दाखवलं, दोनदा. ते उठून अंगणात गेले. डोळेही पुसले. मला वाटलं, संपलं एकदाचं. मग म्हणाले, "देवी उतरून गेली, बरोबर हाय. पन ती उतरली तवा माझा बाप उजवीकडंच व्हता ना?"

मी पिशवी भरली आणि परत आले. इथेही तेच ऐकायचं आहे हे माहीत आहे, पण इथे चहा आयता मिळतो, दोघांचा.

तुम्ही मला फोन करू नका आणि गावकीला पत्रही लिहू नका. मला एवढंच कळवा. एस्टी पोलादपूरला गेली हे पाटीवर दिसतं. तिथून पुढे देवी कुठे गेली ते पुस्तकात नाही. यंदा शिमग्याची ओटी घेऊन मी तिकडेच जाणार आहे.